रांजणात अडकलेलं तोंड

निघण्याआधी पोटभर पाणी पिऊन घ्या. पुढची सव्वादोनशे वर्षं तुम्हाला लाल वाळूतून चालायचं आहे. या प्रवासाचा नियम एकच. वाटेत तुम्ही कुणाला दिसणार नाही, कुणाला हाक मारू शकणार नाही, काहीही थांबवू शकणार नाही. तहान मात्र लागेल.

१८००च्या सुमारास, ऑस्ट्रेलियाचं पश्चिमी वाळवंट

दिवस कासराभर वर आलाय. पायाखालची वाळू भाजलेल्या विटेच्या चुऱ्यासारखी लाल आहे आणि आत्ताच तळव्यांना चटके बसू लागलेत. जिकडे पाहाल तिकडे स्पिनिफेक्स गवताचे काटेरी झुपके आणि मध्ये मध्ये मुल्गाची राखाडी झाडं. पाण्याचं चिन्ह कुठेच नाही.

तुमच्या पुढे एक बाई चालली आहे. डोक्यावर काठवटीसारखं लाकडाचं पसरट भांडं, मागे दोन मुलं. ती वाट शोधत नाही. तिच्या ओठांवर एक गाणं आहे आणि त्या गाण्यातच वाट आहे: कुठल्या टेकडीपाशी वळायचं, कुठल्या खडकाखाली पाणी मिळेल, ते आटलं तर पुढचं किती अंतरावर. हे लोक स्वतःला अनंगू म्हणतात, म्हणजे माणसं. त्यांच्या भाषेत पाण्याला ‘कपी’ म्हणतात आणि जगण्याच्या सगळ्या नियमांना ‘त्जुकुर्पा’. कुणी कुठल्या पाण्यावर केव्हा जायचं, हेही त्या नियमांत येतं.

एका बोडक्या खडकापाशी ती थांबते. वाकून आधी फांद्या बाजूला करते, मग एक चपटा दगड सरकवते. खाली, खडकाच्याच पोटात, पाणी आहे. फार नाही. आपल्याकडच्या जुन्या घरातल्या एखाद्या रांजणाएवढं. मागच्या पावसाचं, गार, स्वच्छ. मुलं पितात, ती पिते, भांडं भरून घेते. मग दगड पुन्हा जागेवर, त्यावर फांद्या. झाकण एवढ्याचसाठी की पाणी उन्हात उडू नये आणि एखादा प्राणी आत पडून मरू नये. कारण एक मेलेलं जनावर पुरेसं असतं. हे पाणी वाहत नाही. नासलं की नासलं.

आजूबाजूची माती बघून ठेवा. तिच्यावर कांगारूच्या लांब पावलांचे ठसे आहेत, एमूच्या तीन बोटांचे आहेत, सरड्याच्या शेपटीची रेघ आहे. गाय, घोडा, शेळी, उंट यांतला एकही प्राणी या वाळवंटात अजून पोचलेला नाही. त्यांच्या भुकेचा आणि तहानेचा हिशेब इथल्या झाडांनी आणि खडकांनी कधी केलेला नाही. जवळच एक क्वांडाँगचं झाड आहे, आपल्या चंदनाच्या कुळातलं, लालचुटुक फळांनी लगडलेलं. मुलं तिकडे पळतात.

हे झाड आणि हा खडक लक्षात ठेवा. आपण इथेच परत येणार आहोत.

२० ऑगस्ट १८६०, मेलबर्न

साठ वर्षं एका पावलात. रॉयल पार्कच्या हिरवळीवर सुमारे १५,००० माणसं जमली आहेत. दक्षिण टोकापासून उत्तरेच्या आखातापर्यंत अख्खा खंड ओलांडायला एक मोहीम निघते आहे. तिचा प्रमुख रॉबर्ट ओहारा बर्क. सोबत वीस टन सामान, घोडे, गाड्या आणि गर्दी ज्यांच्यासाठी लोटली आहे ते पंचवीसेक उंट.

याआधी १८४० मध्ये कॅनरी बेटांवरून एक उंट ॲडलेडला आला होता, जहाजावरच्या सोबत्यांपैकी एकटाच जिवंत राहिलेला. जॉन हॉरॉक्स नावाच्या तरुणाने १८४६ मध्ये त्याला मोहिमेवर नेलं. बंदूक भरताना उंट हलला, गोळी सुटली, हॉरॉक्स जखमी होऊन काही आठवड्यांत गेला. मरण्यापूर्वी त्याने उंटाला गोळी घालायला सांगितलं होतं. या देशात उंटाच्या कहाणीची सुरुवात अशी झाली, पण तेव्हा कुणी ती अपशकुन म्हणून लक्षात ठेवली नाही.

आजचे उंट जॉर्ज लँडेल्स नावाच्या माणसाने हिंदुस्थानच्या वायव्येकडून आणले आहेत. घोड्यांना त्यांचा वास सहन होत नाही, ते उधळतात. त्या गोंधळात तुमच्या कानावर ओळखीचे शब्द पडतात. उंटांच्या दोऱ्या धरून उभे असलेले चौघे आपापसांत हिंदुस्थानीत बोलत आहेत. त्यांना इथे ‘शिपाई’ म्हणतात. दोस्त महंमद, हसन खान, बलोच आणि साम्ला. साम्ला हिंदू आहे. मोहिमेच्या शिध्यात गोमांसच आहे, म्हणून तो काही दिवसांतच काम सोडून माघारी फिरेल. त्याचं पुढे काय झालं, इतिहासाने विचारलंही नाही.

उंट कशासाठी, तर पाण्यासाठी. घोड्याला रोज पाणी लागतं, उंट दिवसचे दिवस तहान काढतो. सगळी आशा त्या एका गुणावर टांगली आहे. पुढे काय होतं ते सांगतो. १८६१च्या फेब्रुवारीत बर्क आणि त्याचे तीन सोबती, विल्स, किंग आणि ग्रे, उत्तरेच्या खाजणापर्यंत पोचतात. परतीत ग्रे मरतो, मग कूपर क्रीक नदीपाशी विल्स आणि बर्क. एकटा जॉन किंग वाचतो, कारण यांद्रुवांधा लोक त्याला आपल्यात ठेवून घेतात, खाऊ घालतात. काही उंट मात्र वाटेतच दोर तोडून रानात गेले आहेत. मोकाट उंटांचा इतिहास तिथूनच सुरू होतो.

१८६५ सरताना, कराची

आता समुद्र ओलांडा. तुम्ही मुंबई इलाख्यात आहात, कारण सिंध १९३६ पर्यंत मुंबई इलाख्याचाच भाग होता. कराचीच्या धक्क्यावर सव्वाशेच्या आसपास उंट आणि त्यांचे ३१ रखवालदार जहाजात चढत आहेत. ‘ब्लॅकवेल’ हे त्या जहाजाचं नाव. मालक आहेत दक्षिण ऑस्ट्रेलियातले श्रीमंत मेंढपाळ आणि व्यापारी थॉमस एल्डर. खरेदीला आलेत सॅम्युअल स्टकी.

रखवालदारांत पठाण आहेत, बलुची आहेत, सिंधी आहेत. ऑस्ट्रेलियात उतरताच या सगळ्यांचं एकच नाव होईल: ‘अफगाण’. पुढे तेही आखडून ‘घान’.

खाली जहाजाच्या पोटात उतरून बघा. उंट गुडघे मोडून बसलेत, मान एकमेकांच्या पाठीवर टाकलेली. एक म्हातारा उंटवाला त्यांच्यात फिरतोय. प्रत्येकाच्या नाकातली लाकडी खुंटी तपासतोय आणि मध्येच एखाद्याच्या कपाळावर तळवा ठेवून काहीतरी पुटपुटतोय. ही जनावरं परत येणार नाहीत, हे त्याला ठाऊक आहे. स्वतःच्या परतीची तारीख मात्र त्याच्या करारात लिहिलेली आहे.

वर्ष बदलता बदलता पोर्ट ऑगस्टाचा किनारा दिसतो. पहिल्या वर्षात कितीतरी उंट खरजेने मरतील. उरलेल्यांतून एल्डर बेल्टाना इथे पैदास सुरू करतील आणि त्यानंतरच्या काळात हजारो उंट याच समुद्रातून येत राहतील. पोर्ट ऑगस्टाच्या धक्क्यावर कॅनव्हासच्या झोळीत लोंबकळत जहाजातून उतरणारा उंट पुढे छायाचित्रातही टिपला जाईल. चार पाय हवेत, मान ताठ, आणि खाली एक देश त्याची वाट बघत उभा.

१८९६, ग्रेट सँडी वाळवंट

इथे तुम्हाला फार वेळ थांबवणार नाही, पण वगळूनही जाता येणार नाही.

डेव्हिड कार्नेगी नावाच्या ब्रिटिशाची तुकडी नऊ उंट घेऊन वाळवंट ओलांडते आहे. वाळूच्या टेकड्यांमागून टेकड्या, पाण्याचा पत्ता नाही. समोर एक आदिवासी माणूस सापडतो. त्याला पकडतात, दोरीने बांधून ठेवतात. पाणी दाखवत नाही, तर खारवलेलं मांस खायला देतात, म्हणजे तहान त्याला पाण्याकडे नेईल आणि तो यांना. हे सगळं कार्नेगीने स्वतःच्या पुस्तकात स्वतःच लिहून ठेवलं आहे.

तो माणूस शेवटी खडकातल्या एका कपारीशी त्यांना घेऊन येतो. तुम्ही पहिल्या टप्प्यावर पाहिलात तसाच तो रांजण. माणसं बादलीने पाणी उपसतात. तहानलेला उंट एका दमात शंभर लिटरांहून अधिक पाणी पिऊ शकतो. इथे नऊ उंट आहेत. थोड्या वेळात तळाचा चिखल दिसू लागतो.

तुकडी पुढे निघून जाते. तो माणूस तिथेच उभा आहे. ज्या पाण्याच्या भरवशावर त्याचं कुटुंब पुढच्या पावसापर्यंत काढणार होतं, ते आता नाही. उंट या वाळवंटात कमी पाण्याचा प्राणी म्हणून आला होता. ते घोड्याच्या तुलनेत खरं होतं. खडकातल्या रांजणाच्या मापाने कुणी मोजलंच नव्हतं.

१९०१, मारी

संध्याकाळ झाली आहे. समोरचं गाव म्हणजे मारी. पुष्कळजण त्याला अजून हर्गट स्प्रिंग्स म्हणतात. गावाच्या मधून रेल्वेचा रूळ जातो. रुळाच्या एका बाजूला गोऱ्यांची घरं आणि हॉटेल, दुसऱ्या बाजूला ‘घानटाउन’. तिकडे चला.

मातीच्या भिंतींची, गवताने शाकारलेली छोटीशी मशीद, समोर हातपाय धुवायला पाणी. ऑस्ट्रेलियातल्या अगदी पहिल्या मशिदींपैकी ही एक. पलीकडे खजुराची झाडं, पत्र्याच्या झोपड्या, चुलींवर भाजणाऱ्या रोटीचा वास. उंटवाल्यांना बायका आणता आल्या नाहीत. काहींनी इथल्या आदिवासी बायकांशी लग्न केलं, काहींनी गोऱ्या बायकांशी. त्यांची मुलं रुळाच्या याच बाजूला वाढतात.

बर्ड्सव्हिलच्या वाटेवर निघायला एक तांडा तयार होतो आहे. ‘हूश्टा!’ अशी हाक येते आणि उंट एकामागून एक गुडघे टेकतात. पालाणांवर पीठ, साखर, चहा, कुंपणाच्या तारा, खाणीतली यंत्रं. तगडा नर उंट चारशे किलो आणि त्याहूनही अधिक ओझं घेऊन उठतो. पाचशे किलोमीटर पलीकडच्या मेंढवाड्यांना वर्षभराचा शिधा हेच देतात आणि परतताना लोकरीचे गठ्ठे आणतात. १८७० ते १८७२ या काळात पोर्ट ऑगस्टाहून डार्विनपर्यंत सुमारे ३,२०० किलोमीटरची तारायंत्राची ओळ उभी राहिली, तिच्या सामानाखालीही उंटांच्या पाठी होत्या. १८७३ मध्ये विल्यम गॉस उलुरूच्या माथ्यावर चढला, तेव्हा त्याच्याबरोबर कामरान नावाचा उंटवाला होता. या देशाचा मधला भाग उंटांनी आणि उंटवाल्यांनी जोडला, असं म्हणण्यात काडीचीही अतिशयोक्ती नाही.

आणि हेच ते वर्ष, ज्या वर्षी नव्या राष्ट्राच्या संसदेने स्थलांतर निर्बंध कायदा केला. बाहेरून येणाऱ्याला कुठल्याही युरोपीय भाषेत पन्नास शब्दांचा मजकूर लिहायला लावून नापास करता येईल अशी सोय त्यात आहे. गोऱ्यांखेरीज इतरांना दूर ठेवणं हाच तिचा हेतू. दोऱ्या आवळणाऱ्या त्या माणसाकडे पाहा. त्याचे उंट या देशाला हवे आहेत. तो नको आहे. आणखी तीस वर्षांनी उंटही नकोसे होतील.

१९३०, उडनदत्ता

जवळजवळ चाळीस वर्षं आगगाडी इथे येऊन थांबत होती आणि पुढचा ॲलिस स्प्रिंग्सपर्यंतचा रस्ता उंटांचा होता. ऑगस्ट १९२९ मध्ये पहिली गाडी ॲलिस स्प्रिंग्सला पोचली. त्या गाडीला लोक ‘द घान’ म्हणतात. उंटवाल्यांचं नाव गाडीला मिळालं आणि त्यांचं काम गाडीने घेतलं. जिथे रूळ नाहीत तिथे मोटारलॉऱ्या पोचल्या आहेत.

मोकाट, बिनधन्याच्या जनावरांना गोळी घालता यावी म्हणून दक्षिण ऑस्ट्रेलियाने १९२५ मध्येच कायदा केला होता. त्याचं नावच ‘उंट विनाश कायदा’.

गावाबाहेर एक म्हातारा आपले उंट घेऊन आला आहे. त्याचं नाव कुठल्याही कागदात नाही; त्याच्यासारखे कितीतरी होते. हाताशी दोन वाटा. गोळी घालायची किंवा सोडून द्यायचं. तो एकेकाला बसवतो. दोर सोडतो. मग दोन बोटांनी अलगद नाकातली खुंटी काढतो. उंट मान झटकतो, क्षणभर तिथेच उभा राहतो. त्याला सवय आहे पुढच्याच्या मागे चालायची, आणि पुढे आज कुणीच नाही. म्हातारा पाठीवर थाप मारतो.

तुम्हाला ओरडावंसं वाटेल. पण काय ओरडाल? मार म्हणाल? ज्या जनावराने तीस वर्षं पाठीवर त्याचं पोट वाहिलं, त्याला मार म्हणाल? त्या संध्याकाळी त्या माणसाने केलं ते दयेनेच केलं. त्याच्या दयेची किंमत पुढे दुसऱ्याच कुणाला चुकवावी लागली, हे त्याला कळायला मार्ग नव्हता.

१९३० ते २०००

आता पावलं दहा-दहा वर्षांची टाका.

मुल्गाच्या रानात उंटांचे कळप चरताना दिसतात. त्यांना खाणारा इथे कुणी नाही. डिंगो फार तर एखादं पिल्लू उचलतो. इथल्या वनस्पतींपैकी ऐंशी टक्क्यांहून अधिक जाती ते खातात, आणि मान उंच असल्याने ज्या फांदीपर्यंत दुसरा कुणी पोचत नाही तिथेही पोचतात. सांडणी तेराएक महिने गाभण राहून विते. वाढ संथ वाटते, पण थांबत नाही. संख्या साधारण नऊ वर्षांत दुप्पट होत जाते.

अनंगू लोकांनीही उंट आपलेसे केलेले दिसतील. त्याला ते ‘कमुला’ म्हणतात. अफगाणांनी सोडलेले उंट धरून त्यांनी सामान वाहिलं, नातलगांच्या गाठीभेटी घेतल्या, विधींना दूरवर गेले. मिशनमध्ये येशूच्या जन्माची गोष्ट ऐकलेल्या काहींना तर तीन ज्ञानी पुरुषांना वाहून नेणारा हा प्राणी मारू नये असंच वाटे.

१९५७ मध्ये मारीत बेजा दरवेश हा बलुची उंटवाला गेला. १८९६च्या कॅल्व्हर्ट मोहिमेत त्याने वाळवंटात निष्ठेने साथ दिली होती, म्हणून मोहिमेचा प्रमुख लॉरेन्स वेल्स याने आपलं होकायंत्र त्याला भेट दिलं होतं. १९७७ मध्ये रॉबिन डेव्हिडसन ही तरुणी चार उंट आणि एक कुत्री घेऊन ॲलिस स्प्रिंग्सहून हिंदी महासागरापर्यंत चालत गेली. उंट हाताळायला ती एका अफगाण उंटवाल्याच्या वंशजाकडून शिकली होती, आणि वाटेत चालून आलेल्या मोकाट नर उंटांवर तिला गोळ्या झाडाव्या लागल्या. पाळीव आणि रानटी या दोन अवस्थांत तोपर्यंत तीन पिढ्यांचं अंतर पडलं होतं.

नोव्हेंबर २००९, डॉकर रिव्हर

ओठ सुकलेत ना? इथे सगळ्यांचेच सुकलेत. दुष्काळ आहे.

अनंगूंच्या या वस्तीचं खरं नाव काल्टुकाट्जारा. लोकसंख्या साधारण साडेतीनशे, आणि वस्तीभोवती जमलेत सुमारे ६,००० उंट. पहाटेच्या अंधारात त्यांच्या गुरगुरण्याचा आवाज सगळीकडून येतोय. एक उंट पाण्याच्या टाकीला छातीने रेटा देतो आहे. पाइप फुटतो आणि चिखलात माना खुपसायला रेटारेटी सुरू होते. भिंतीवरच्या वातानुकूलन यंत्रातून ठिबकणाऱ्या पाण्यासाठी उंट ते यंत्रच उपटून टाकतात. धावपट्टीवर कळप उभा आहे, त्यामुळे आजाऱ्याला न्यायला येणारं विमान उतरू शकत नाही. मुलांना घराबाहेर सोडायची सोय नाही.

इथे तुम्हाला लहानपणीची गोष्ट आठवेल. तहानलेल्या उंटाने रांजणात तोंड घातलं आणि ते अडकलं. लोक धावत जाऊन गावातल्या शहाण्याला घेऊन आले. तो आला तोही उंटावर बसून. खाली उतरेना, म्हणून त्याला आत यायला दार पाडलं. वरूनच त्याने सल्ला दिला: उंटाची मान कापा. मान कापली, तरी तोंड रांजणातच. मग म्हणाला, आता रांजण फोडा. दार गेलं, उंट गेला, रांजण गेला. शहाणा मात्र उंटावर बसूनच परत गेला.

आपण ही गोष्ट हसण्यासाठी सांगत आलो. काल्टुकाट्जाऱ्यात उभं राहून ती आठवा. इथे उंट आणावेत हे ठरवणारे मेलबर्नमध्ये आणि ॲडलेडमध्ये बसले होते. कायदे करणारे राजधान्यांत बसले होते. रांजण ज्यांचा होता त्यांना कुणी विचारलं नाही, आणि तोंड अडकल्यावर घर मोडलं ते त्यांचं.

चला, आपल्या खडकापाशी जाऊन येऊ.

चपटा दगड कधीचाच बाजूला ढकलला गेला आहे. वास आधी येतो, मग दिसतं. पाण्याचा माग काढत आलेला उंट कपारीत उतरला, त्याला वर येता आलं नाही, तो तिथेच मेला. त्यामागून आलेला दुसरा त्याच्यावर पडला. आता त्या खळग्यात पाणी नाही, काळा रस्सा आहे. चिमणीसारखे फिंच पक्षी कडेला बसतात आणि उडून जातात. क्वांडाँगच्या झाडाच्या फांद्या मोडून लोंबताहेत, पानाचा मागमूस नाही. एक म्हातारी बाई दोन तरुणांना घेऊन आली आहे. दोर बांधून ते सांगाडा ओढून काढू पाहतात. ती बाजूला बसून आहे. तिच्या आजीच्या गाण्यात या पाण्याचं नाव आहे.

२००९ ते २०२०, आकाशातून

२००८ मध्ये अभ्यासकांनी अंदाज काढला की मोकाट उंट सुमारे दहा लाख असावेत, तेही ३३ लाख चौरस किलोमीटर मुलखात पसरलेले. जवळजवळ अख्ख्या भारताएवढा तो मुलूख. पुढच्या फेरहिशेबात हा आकडा सहा लाखांच्या आसपास आला. पण प्रश्न आकड्याने सौम्य झाला नाही. निंती वन या संस्थेच्या देखरेखीखाली २००९ ते २०१३ या काळात १ कोटी ९० लाख डॉलरची मोहीम झाली आणि सुमारे १ लाख ६० हजार उंट कमी केले गेले. बहुतेक हेलिकॉप्टरमधून गोळ्या घालून.

मांसासाठी, दुधासाठी, निर्यातीसाठी उंट पकडण्याचे प्रयत्न झाले आणि होत आहेत. पण हजार किलोमीटर दूरच्या रानात उंट धरायचा, ट्रकमध्ये घालायचा, कत्तलखान्यापर्यंत न्यायचा, तर खर्च उंटाच्या किमतीच्या वर जातो. म्हणून मेलेले उंट बहुतेकदा पडले तिथेच राहतात.

आता जानेवारी २०२०. ऑस्ट्रेलियाच्या पूर्वेकडची जंगलं पेटलेली आहेत आणि दक्षिण ऑस्ट्रेलियाच्या वायव्य कोपऱ्यातली एपीवाय भूमी दुष्काळाने होरपळते आहे. हा मुलूख अनंगूंच्या मालकीचा. एक लाखाहून अधिक चौरस किलोमीटर, माणसं सुमारे २,३००. तहानलेले उंट पुन्हा वस्त्यांत घुसलेत. आधी इथले लोक उंट गोळा करून विकत असत, पण या दुष्काळात कळप त्यांच्या आवाक्याबाहेर गेले आहेत.

हेलिकॉप्टरच्या पात्यांचा आवाज ऐका. खाली धुळीत कळप पळतोय, पिल्लं आयांच्या पोटाला चिकटलेली. गोळी, धूळ, पुन्हा गोळी. पाच दिवसांत ५,००० हून अधिक उंट मारले जातात.

बघवत नाही. जगभरातून तेव्हा हळहळ व्यक्त झाली, संताप व्यक्त झाला, आणि तो खोटा नव्हता. पण हा निर्णय घेतला कुणी? या भूमीच्या अनंगू प्रतिनिधींनीच तो मागितला. ज्यांना उंट आणताना विचारलं नाही, सोडताना विचारलं नाही, त्यांच्याच वाट्याला शेवटचा, सगळ्यांत कठीण निर्णय आला. ज्यांनी उंटाला ‘कमुला’ म्हणून आपलं म्हटलं होतं, त्यांनाच पाणी की उंट हे निवडावं लागलं. त्यांनी पाणी निवडलं. त्यांच्या जागी तुम्ही असतात तर वेगळं काही निवडलं नसतं.

परतीची वाट

येताना एका ठिकाणी क्षणभर थांबा. ज्या उत्तर-पश्चिम हिंदुस्थानातून हे उंट गेले, त्याच्या आज भारतात असलेल्या भागात काय चित्र आहे? भारताच्या २०१९च्या पशुगणनेत देशभर फक्त अडीच लाख उंट भरले. २०१२च्या तुलनेत ३७ टक्के घट. एक मोठं कारण तेच, जे उडनदत्त्यात होतं. काम गाडीने घेतलं. अरबी वंशाचा एका वशिंडाचा उंट मूळ रानात सुमारे दोन हजार वर्षांपूर्वीच संपला. तो हजारोंच्या कळपांनी मोकळा फिरतो तो आता ऑस्ट्रेलियातच, आणि तिथे त्याला गोळी घालावी लागते. एकाच प्राण्याचे हे दोन शेवट एकाच चुकीतून आले. आपण त्याचं काम मोजलं, त्याचं आयुष्य मोजलं नाही.

आता आपल्या गावात पोचलात. घोटभर पाणी प्या आणि मग आजूबाजूला बघा. बागेच्या शोभेसाठी आणलेली घाणेरी सह्याद्रीच्या उतारावर पसरलेली आहे. आयात धान्याबरोबर आलेलं गाजरगवत प्रत्येक पडीक रानात आहे. उजनीच्या जाळ्यात चिलापी भरभरून येतो आणि जुने कोळी देशी माशांची नावं आठवत बसतात. डास खावेत म्हणून विहिरींत गप्पी मासे सोडले गेले. वनीकरणाच्या नावाखाली कोकणातल्या टेकड्यांवर जी ऑस्ट्रेलियन बाभूळ लावली गेली, ती तर त्या उंटांच्याच नव्या देशातून आली. यातलं काहीही कुणी वाईट हेतूने आणलं नाही. उंटही वाईट हेतूने नेले नव्हते.

म्हणून विनंती एवढीच. तुमच्या ग्रामसभेत, सोसायटीत, शाळेच्या वृक्षारोपणात कुणी म्हणालं की हे झाड भराभर वाढतं, ते लावू, हा मासा भरपूर मिळतो, तो तळ्यात सोडू, तर होकार देण्याआधी दोन प्रश्न विचारा. याचं काम संपल्यावर हे कुठे जाणार? आणि त्या रानावर, त्या पाण्यावर जे पिढ्यान्‌पिढ्या जगत आले, त्या कातकऱ्याला, धनगराला, कोळणीला विचारलं का? विचारलं नसेल, तर आधी उंटावरून खाली उतरा, चालत त्यांच्याकडे जा, आणि ते काय सांगतात ते ऐकून मगच रोप हातात घ्या.